पालिकेकडून कचऱ्याचा डबा बदलून घेताना

आधी नेमकं काय मोडलंय ते बघा. फक्त चाक, आस (चाकांना जोडणारा दांडा) किंवा झाकणाची खीळ गेली असेल तर बहुधा तेवढा भागच बदलून मिळतो. पुढची कड, जिला धरून कचरागाडी डबा उचलते, ती तडकली असेल तर मात्र पूर्ण डबाच मागा. तो उचलताना निसटतो.

तक्रारीत डब्यावर कोरलेला क्रमांक, लिटरमधली क्षमता, पत्ता आणि तडा स्पष्ट दिसेल असा फोटो द्या. क्रमांक चुकला तर अर्ज अडकू शकतो. डबा चोरीला गेला असेल तर पोलिसांत नोंद लागते का, तेही विचारा. तक्रार क्रमांक जपून ठेवा.

जुना डबा रिकामा करून ठरल्या दिवशी बाहेर ठेवा. भरलेला डबा सहसा नेत नाहीत.