हेलो ३ च्या फोर्जमध्ये गेम मोड बदलताना

२००७ च्या हेलो ३ या शूटिंग व्हिडिओ गेममधलं फोर्ज, म्हणजे मॅप एडिट करायची सोय, अजूनही भारी आहे, पण गेम मोड (मॅचचा प्रकार) बदलायचा म्हटलं की नवीन लोक हमखास अडकतात. एडिट करताना कंट्रोलरवरच्या डी-पॅडचं (दिशांच्या बटणांचं) वरचं बटण दाबलं की तुम्ही उडणारा मॉनिटर, म्हणजे वस्तू ठेवणारा छोटा रोबो होता, परत दाबलं की बंदूकवाला प्लेयर, पण हा गेम मोड नाही हां! खरा मोड बदलायचा तर आधी मॅप सेव्ह करा, मग कस्टम गेम्सच्या लॉबीत जाऊन तोच मॅप आणि हवा तो गेमटाइप (मॅचचा प्रकार) निवडा. आणि प्रत्येक वस्तूची सिमेट्री सेटिंग (ती वस्तू कुठल्या मॅचमध्ये दिसेल ते ठरवणारी) नक्की बघा, असिमेट्रिक (फक्त एका टीमकडे झेंडा असतो तसल्या मॅचसाठी) ठेवलेली भिंत दोन्ही टीमकडे झेंडा असलेल्या मॅचमध्ये दिसणारच नाही. शंका असेल तर सरळ बोथ (दोन्ही) ठेवा.