पॉपकॉर्नची पिशवी उघडताना तोंड लांब ठेवा

मायक्रोवेव्हमधून काढलेली पॉपकॉर्नची पिशवी आपण लगेच फाडतो आणि लोण्याच्या वासाची गरम वाफ थेट नाकात घेतो. नेमकं तेच टाळायचं.

या वासासाठी पूर्वी डायअसिटिल हे रसायन सर्रास वापरायचे. २००० साली अमेरिकेतल्या मिसुरीत पॉपकॉर्न कारखान्यातले कामगार त्याच्या वाफेने फुफ्फुसांच्या कायमच्या आजाराने ग्रासलेले आढळले. घरी अधूनमधून खाणाऱ्याला तेवढा धोका नाही, पण पुढे डायअसिटिलऐवजी आलेले काही पदार्थही निर्धोक ठरले नाहीत. म्हणून पिशवी आणलीच असेल तर पाच मिनिटं तशीच राहू द्या, मग खिडकीपाशी, तोंड बाजूला करून उघडा. मुलांच्या हातात बंद पिशवी देऊ नका.

त्याहून बरं म्हणजे कढई. सांगलीत गणपती पेठेत पॉपकॉर्नचा मका सुटा मिळतो, पिशवीपेक्षा पुष्कळ स्वस्त.

१. जाड बुडाच्या कढईत दोन चमचे शेंगदाणा तेल, त्यात मक्याचे तीन दाणे. गॅस मध्यम.
२. तिन्ही फुटले की चिमूटभर हळद आणि अर्धी वाटी मका घाला. झाकण किंचित तिरपं ठेवा म्हणजे वाफ कोंडत नाही, लाह्या कुरकुरीत राहतात.
३. कढई हलवत राहा. दोन फुटण्यांत दोन-तीन सेकंद जायला लागले की गॅस बंद.
४. मीठ आणि लोणी किंवा साजूक तूप वरून.

तेलातून धूर निघू देऊ नका. नॉनस्टिक भांडं रिकामं तापवणं तर नकोच, त्याचाही धूर छातीला वाईट.