बाळासाठी चित्रपुस्तक निवडताना

दुकानात आपण पुस्तक आपल्या डोळ्यांनी पाहतो. बाळ मात्र ते आधी चाखणार, मग आपटणार आणि त्यानंतर कधीतरी पाहणार. म्हणून गोष्टीच्या आधी कागद आणि बांधणी तपासावी.

पहिल्या तीनेक महिन्यांत बाळाला साधारण २० ते ३० सेंटिमीटरवरचंच स्पष्ट दिसतं आणि फिकट छटा त्याला वेगळ्या ओळखू येत नाहीत. मोठ्यांना भावणारी हलक्या गुलाबी-निळ्या रंगांची पुस्तकं या वयात वाया जातात. पांढऱ्यावर काळी, जाड रेषांची, पानावर एकच आकृती असलेली चित्रं घ्या. घडीचं पुस्तक असेल तर पालथ्या बाळासमोर ते उभं करता येतं.

चौथ्या महिन्याच्या सुमाराला सगळं तोंडात जायला लागतं. आता जाड पुठ्ठ्याचं किंवा कापडी पुस्तक हवं. पुठ्ठ्याच्या पानाचा कोपरा नखाने उचकटून बघा. थर सुटत असतील तर लाळेने भिजल्यावर त्याचा लगदा होईल आणि तुकडा घशात जाईल. कोपरे गोल असावेत आणि पुस्तक तळहाताहून थोडंच मोठं असावं, म्हणजे बाळाला दोन्ही हातांनी धरता येतं. कापडी पुस्तकाची शिवण जोर लावून ओढा. चिकटवलेले मणी, डोळे किंवा बटणं असली तर ते पुस्तक परत ठेवा.

आवाज करणाऱ्या पुस्तकांबद्दल मात्र कडक राहावं. त्यात बहुधा बटणासारखे चपटे सेल असतात. असा सेल गिळला गेला तर दोन तासांतही अन्ननलिका आतून भाजू शकते. सेलच्या झाकणाला स्क्रू नसेल तर पुस्तक घेऊच नका. सेल गिळल्याची नुसती शंका आली तरी थेट रुग्णालय गाठा.

वर्षाच्या आसपास मूल बोट दाखवू लागतं आणि पुस्तकाची खरी गंमत सुरू होते. रोजच्या वापरातल्या वस्तू, प्राणी, चेहरे हवेत, आणि ते खऱ्यासारखे दिसणारे. निळा, टोपी घातलेला हत्ती पाहून हत्ती कळायला कठीण जातं. समोरासमोरच्या दोन्ही पानांवर वेगवेगळी चित्रं गच्च भरली असतील, तर तुम्ही नेमकं कशाचं नाव घेताय ते मुलाला उमगत नाही. ‘पहिले शंभर शब्द’ छापाची पुस्तकं इथेच फसतात. शिवाय ती वाचताना गप्पांऐवजी ‘हे काय? ते काय?’ अशी परीक्षा होऊन बसते. चित्रावरच्या उघडझाप करायच्या कागदी खिडक्या आवडतात खऱ्या, पण त्या थोड्या आणि जाड असाव्यात. पानोपानी खिडक्या असल्या की लक्ष चित्रावरून उडतं.

दोन वर्षांनंतर छोटी गोष्ट चालते. पानावर एक-दोन वाक्यं, पुन्हापुन्हा येणारी एखादी ओळ. त्या ओळीतला शेवटचा शब्द तुम्ही गाळला की मूल तो भरतं. पातळ कागद मात्र अजून तुमच्याच हातात राहू दे.

मजकूर पारखायचा एकच उपाय: तीन पानं तिथेच उभ्याने मोठ्याने वाचा. जीभ अडखळली, यमक ओढूनताणून जुळवलेलं वाटलं किंवा घरात कोणी बोलत नाही असे शब्द आले, तर ते पुस्तक दहाव्यांदा वाचताना तुम्हीच कंटाळाल. आणि दहाव्यांदा वाचावं लागणारच; त्या पुनरावृत्तीतूनच शब्द पक्के होतात. वाक्यात जे घडतं ते त्याच पानावरच्या चित्रात दिसतंय ना, हेही बघा. शब्द नसलेलं पुस्तक चांगलं निघालं तर बेधडक घ्या, बोलायला तुम्ही आहातच.

घरी एका वेळी चार-पाच पुस्तकंच बाहेर ठेवा, मुलाच्या हाताला येतील अशी, मुखपृष्ठ समोर करून. फाटलेलं पान चिकटपट्टीने जोडलंत तर तिची टोकं अधूनमधून तपासत राहा. सुटलेली पट्टी आधी तोंडातच जाते.