चोरिस घालून भाज्यांचं दाट सूप : बटाटा आधी, चोरिस नंतर

म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात गेलात की लालभडक मण्यांच्या माळा टांगलेल्या दिसतातच. ते गोव्याचं चोरिस, म्हणजे आतड्यात भरलेलं डुकराच्या मांसाचं मसालेदार सॉसेज. आपल्याकडचे लोक माळ घरी आणतात, कांदा-बटाट्याबरोबर परततात, पावात भरतात आणि विषय संपला. चोरिस-पावाबद्दल माझी काही तक्रार नाही हो, पण बाहेर धो धो पाऊस आहे, मासेही धड मिळत नाहीयेत आणि एकाच वाडग्यात पोट भरेल असं काहीतरी गरमागरम हवंय, तर त्याच माळेतले थोडे मणी काढून सूप करून बघा.

हे मी शोधून काढलेलं वगैरे नाही. पोर्तुगालच्या उत्तरेला काल्दो व्हेर्द नावाचं सूप करतात, बटाटा शिजवून घोटायचा, त्यात हिरवी पानं एकदम बारीक चिरून टाकायची आणि वर सॉसेजच्या चकत्या. गोव्यात ते आलं तेव्हा पानांच्या जागी पालक आला. माझ्यात राजमा, गाजर, कोबी असं बरंच काही पडतं, त्यामुळे मी त्याला ते नाव देत नाही, घरी आम्ही नुसतं 'चोरिसचं सूप' म्हणतो.

चार जणांना लागतं ते असं. चोरिस २०० ग्रॅम, बटाटे ४ मध्यम, गाजरं २, मोठा कांदा १, लसूण ४-५ पाकळ्या, छोट्या कोबीचा पाव भाग, पालकाची एक जुडी, अर्धी वाटी राजमा (रात्री भिजत घातलेला). तेल नाही, मसाला नाही, मीठसुद्धा आत्ता नाही. तिखट, आलं-लसूण, गरम मसाला, मीठ सगळं त्या आतड्यात ठासून भरलेलं असतं, आपण वरून घालायला गेलो की फसलो.

आता मुख्य गोष्ट. पहिल्यांदा केलं तेव्हा मी सगळं एकाच पातेल्यात टाकलं होतं, बटाटे, गाजर, चोरिस, पाणी, झाकण, आणि म्हटलं होईल आपोआप. पाऊण तास झाला तरी बटाटा दाताखाली करकरतोय! मला वाटलं बटाटेच खराब निघाले. शेजारी म्हापशाच्या एक आंटी राहतात, त्यांना सांगितलं तर त्या हसायलाच लागल्या, म्हणाल्या अरे त्यात विनेगर असतं ना, आंबटात बटाटा शिजतो होय? आणि खरंच आहे, चिंचेच्या आमटीत कच्चा बटाटा टाकला की तो तसाच अडून बसतो, हे आपल्या घरातही माहीत असतं, पण सॉसेज बघितलं की डोक्यातून जातं. पोर्तुगीज सॉसेजमध्ये वाइन असते, गोव्यात त्या जागी माडाच्या ताडीचा व्हिनेगर आणि पॅप्रिकाच्या जागी काश्मिरी मिरची. आंबटात भाजीच्या पेशींना धरून ठेवणारं पेक्टिन लवकर सुटत नाही, म्हणून बटाटा, गाजर, राजमा हे सगळं साध्या पाण्यात आधी मऊ करून घ्यायचं.

तर राजमा कुकरला लावा, ५-६ शिट्ट्या, दोन बोटांत धरून दाबला तर पिठासारखा व्हायला हवा, नसेल झाला तर अजून दोन शिट्ट्या. दुसरीकडे पातेल्यात सव्वा लिटर पाणी, त्यात बटाट्याच्या फोडी आणि गाजर. बटाटा पूर्ण शिजला की अर्ध्या फोडी तिथेच पळीच्या पाठीने चेपून टाका. सूपला दाटपणा त्यानेच येतो, कॉर्नफ्लॉवर-बिर्नफ्लॉवरची गरज नाही.

तोवर चोरिसकडे वळू. आधी दोरा काढा, सगळा, मध्ये मध्ये गाठी असतात त्या पण, नाहीतर पाहुण्यांच्या चमच्यात सुतळी येते (आली आहे). मग प्रत्येक मण्याला सुरीने चीर द्या आणि आतलं मांस बाहेर ढकला. आवरण मी टाकून देतो, सूपमध्ये ते रबरासारखं लागतं. एक लक्षात ठेवा, हे कच्चं डुकराचं मांस आहे, नुसतं खारवून, आंबटात मुरवून वाळवलेलं, तेव्हा वरवर गरम करून चालणार नाही. कढईत ते मांस, अर्धी वाटी पाणी, झाकण आणि मंद गॅस, चांगली २० मिनिटं. पहिल्यांदा पाणी लाल होतं, मग हळूहळू पाणी आटतं आणि खदखद आवाज बदलून चुरचुर सुरू होतं, म्हणजे आता चरबी सुटली. पांढरे चरबीचे तुकडे काचेसारखे आरपार दिसायला लागतात. इथे घरभर वास पसरतो, खिडक्या उघडायच्या की मुद्दाम बंद ठेवायच्या ते तुम्ही ठरवा.

मांस झाऱ्याने बाजूला काढा. कढईत खाली लाल तूप राहिलेलं असेल, त्यातलं एक मोठा चमचाभर ठेवून बाकीचं बाटलीत भरा, ओतून द्याल तर पाप लागेल. त्याच चमचाभर तुपात कांदा आणि लसूण परता, कांदा अगदी मऊ होऊ द्या, आणि हे सगळं बटाट्याच्या पातेल्यात.

आता राजमा त्याच्या पाण्यासकट, जाडसर चिरलेला कोबी, आणि कोबी नरम पडला की शेवटी चोरिस. १० मिनिटं बारीक उकळी. आता चाखा आणि मगच मिठाचं बघा, माझ्याकडे दहातून आठ वेळा लागत नाही. फार आंबट-तिखट झालं असेल तर आणखी एक उकडलेला बटाटा कुस्करून घाला, साखर घालू नका प्लीज.

पालक बारीक चिरून अगदी शेवटी, दोन मिनिटं, गॅस बंद. आंबटात जास्त वेळ राहिला की त्याचा रंग शेवाळी होतो.

चोरिस मिळत नसेल तर सुपरमार्केटमधल्या चिकन सॉसेजचं पण होतं, पण ती आधीच शिजलेली आणि तशी मिळमिळीत असतात. चकत्या करून थोड्या तेलात लाल होईपर्यंत भाजा, कांद्यात चमचाभर काश्मिरी मिरची पूड आणि जास्तीचा लसूण घाला, उतरवताना चमचाभर व्हिनेगर. बरं लागतं. चोरिसचं मात्र नाही लागत.

सोबत पोई (गोव्याचा गव्हाचा पाव) मिळाली तर उत्तम, नाहीतर कडक पाव. उरलं तर दुसऱ्या दिवशी ते पिठल्यासारखं घट्ट झालेलं असतं, थोडं गरम पाणी घालून सैल करा. आणि ते बाटलीतलं लाल तूप फ्रिजमध्ये ठेवा, सकाळी त्यात दोन अंडी फोडा, पावाचा तुकडा तव्यावरच पुसून घ्या.