पडक्या चर्चची भिंत कशी वाचावी

पडकं चर्च दिसलं की आपण थेट आत शिरतो, आभाळाकडे उघड्या कमानींचे फोटो काढतो आणि निघतो. खरी गंमत मात्र बाहेरच्या भिंतीत असते. ती वाचायला शिकायचं तर इंग्लंडच्या यॉर्कशरमधल्या वॉरम पर्सीइतका चांगला कित्ता नाही. गाव कधीच उठलं, घरांच्या जागी गवताखालचे उंचवटे तेवढे उरलेत. उभं आहे ते एकटं सेंट मार्टिनचं चर्च, तेही बिनछपराचं.

१. आधी दिशा ठरवा. इंग्लंडमधल्या जुन्या चर्चची वेदी सहसा पूर्वेला आणि घंटेचा मनोरा बहुधा पश्चिमेला असतो. एवढं कळलं की पुढचं सगळं जागच्या जागी बसतं.

२. मग बाहेरून एक प्रदक्षिणा घाला. घाई करू नका, सगळी गोष्ट इथेच आहे. लांबीच्या बाजूच्या दोन भिंतींवर चिणलेल्या कमानी शोधा. कमानीचे दगड नीट घडवलेले, पंख्यासारखे मांडलेले असतात. मधली भर वेगळ्या हाताची दिसते. वॉरमला अशा कमानी स्पष्ट दिसतात आणि काहींच्या भरीत चक्क खिडकी बसवलेली आहे. भिंतीत कमान कशाला? तर बाराव्या-तेराव्या शतकांत माणसं वाढली, जागा पुरेना, म्हणून भिंती फोडून तिथे कमानी घातल्या आणि दोन्ही बाजूंना पडव्या काढल्या. आपल्याकडे घराला काढतात तशाच. पुढे वस्ती ओसरली, पडव्या पाडल्या आणि कमानी बुजवल्या. गावाची खानेसुमारीच ती, फक्त दगडात मांडलेली.

३. उभा सरळ सांधा दिसला की थांबा. चांगला गवंडी दगडांची सांधेमोड करतो, एकावर एक सांधा येऊ देत नाही. वरपासून खालपर्यंत सरळ रेघ असेल तर दोन्ही बाजूंची बांधकामं बहुधा वेगवेगळ्या काळातली. मनोऱ्याच्या भिंतीवर तिरकी खूण दिसली, तर तिथे कधीतरी छप्पर टेकलेलं होतं. वॉरमचा मनोरा १९५९ साली अर्धा कोसळला, त्यामुळे तो कापलेल्या फळासारखा आतून दिसतो.

४. दिसतं त्यावर निष्कर्ष काढून मोकळे होऊ नका. इतिहासकार मॉरिस बेरेसफर्ड आणि पुरातत्त्वज्ञ जॉन हर्स्ट यांच्या पुढाकाराने इथे १९५० ते १९९० अशी चाळीस वर्षं उत्खनन चाललं. दगडी चर्चच्या आधी त्याच जागी एक लहानसं लाकडी चर्च होतं, हे जमिनीखालूनच कळलं. दफनभूमीत सुमारे ७०० सांगाडे मिळाले. गाव चौदाव्या शतकातल्या प्लेगने मेलं, असं सहज वाटतं. पण ते त्यानंतरही टिकून होतं. १५०० च्या सुमारास जमीनदारांना लोकरीत जास्त पैसा दिसला, शेतांची कुरणं झाली आणि उरलीसुरली कुटुंबं हुसकली गेली. मेंढ्यांनी गाव खाल्लं म्हणा ना!

मग चर्च कसं टिकलं? ते एकट्या वॉरमचं नव्हतंच. आसपासच्या वाड्यांचे लोक चालत इथेच येत. त्यांतल्या थिक्सेंडेलला १८७० साली स्वतःचं चर्च झालं आणि इथली ये-जा कमी झाली.

५. सरावासाठी वसईचा किल्ला गाठा. तिथली चर्चेस गावातली नाहीत, पोर्तुगीज शहरातली. १७३९ साली चिमाजी आप्पांनी किल्ला घेतल्यावर शहराचे दिवस फिरले. म्हणजे कारण वेगळं, पण वाचायची रीत तीच. तिथल्या फ्रान्सिस्कन पंथाच्या चर्चमध्ये मात्र आधी खाली बघा, फरशीतच कोरीव थडग्यांचे दगड आहेत.

सकाळी लवकर किंवा उन्हं कलल्यावर जा. तिरप्या उन्हात सांधे उठून दिसतात, भर दुपारी सगळी भिंत सपाट वाटते. आणि भिंतीवर चढू नका. जुना चुना भुगा झालेला असतो, वरचा दगड नुसता ठेवल्यासारखा असतो.