प्रयोगशील संगीतकाराचं तीन मिनिटांचं व्हिडिओ व्यक्तिचित्र कसं करावं?

पहिल्या भेटीत कॅमेरा नेऊ नका. नुसतं बसा, काम बघा. असा कलावंत कॅमेऱ्यासमोर बसला की बहुधा संकल्पनांवर बोलू लागतो आणि आपली तीन मिनिटं तिथेच संपतात. आपल्याला हवेत त्याचे हात. प्रमोद पती यांनी सरकारी फिल्म्स डिव्हिजनसाठी १९७२ साली चित्रकार आबिद सुरती यांच्यावर केलेला 'आबिद' हा लघुपट जरूर बघा. जिवंत माणूस त्यांनी फ्रेम-फ्रेम करत टिपलाय. चित्रीकरणाची रीतच विषयाइतकी प्रयोगशील.

खरी लढाई आवाजाची. मुंबईत शांत खोली मिळत नाही, तेव्हा निदान घरातले आवाज तरी आवरा. पंखा बंद, फ्रिज बंद. (फ्रिज बंद करताना आपल्या घराची किल्ली आत ठेवा, म्हणजे निघताना तो परत चालू करायला विसरणार नाही. नाहीतर यजमानांचं दूध नासायचं!) बोलणं शर्टाला लावायच्या माइकवर घ्या, मोठ्यात मोठा आवाज रेकॉर्डरच्या मीटरवर उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवा. रिकाम्या खोलीचाही अर्धा मिनिट आवाज घेऊन ठेवा. संकलनात सांधे झाकायला तोच लागतो.

समजा, संगीतकार पितळी परात वाजवतोय. मग परातीच्या पाठीला पिझो चकती, म्हणजे माइकसारखी रेकॉर्डरला जोडायची छोटी चकती, चिकटवा. मुंबईत लॅमिंग्टन रोडच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारात ती अगदी स्वस्तात मिळते. चकती हवेतला आवाज फारसा पकडत नाही, धातूची थरथर पकडते. त्यामुळे खाली बेस्टची बस कितीही भोंगा वाजवो, रेकॉर्डिंगमध्ये परातच घुमते. बरेच प्रयोगशील संगीतकार ही चकती स्वतःच वापरतात, तेव्हा आधी त्यांनाच विचारा.

उजेड खिडकीचा घ्या. दिवे लावावेच लागले तर कॅमेऱ्याचं शटर १/५० किंवा १/१०० सेकंदावर ठेवा. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे दिवे सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात आणि शटर जुळलं नाही की चित्रावर पट्टे येतात.

प्रश्न साधे विचारा: ही परात कुठून आणली? वाजवताना इथे का थांबलात? उत्तर संपल्यावरही लगेच बोलू नका. खरं ते बहुतेक वेळा त्यानंतरच येतं.

संकलनाला बसलात की आधी आवाज लावा, मग चित्रं. रचनेचा एक तुकडा तरी न कापता ठेवा, आणि रचना वापरायची परवानगी लेखी घ्या. कच्ची प्रत संगीतकाराला पाठवताना हेडफोन लावूनच बघायला सांगा. मोबाइलच्या स्पीकरवर खर्ज जवळजवळ ऐकूच येत नाही.