स्लॅलम नौकापटूची कारकीर्द कशी वाचावी

सांगलीत कृष्णेवरच्या होड्यांच्या शर्यती पाहिलेल्या वाचकाने ऑग्सबर्गच्या ऑलिव्हर फिक्स या निवृत्त जर्मन खेळाडूचे निकाल चाळताना आधी हे ध्यानात घ्यावे, की स्लॅलममध्ये, म्हणजे खळाळत्या पाण्यावर टांगलेल्या फाटकांतून नाव काढण्याच्या शर्यतीत, शेजारी दुसरी होडी नसते. झुंज घड्याळाशी असते. फाटक म्हणजे टांगलेल्या दांड्यांमधली वाट; हिरवी फाटके प्रवाहाबरोबर आणि लाल फाटके प्रवाहाविरुद्ध पार करावी लागतात. फाटक चुकल्यास ५० सेकंद वाढतात, दांडीला स्पर्श झाल्यास आज २. फिक्स यांनी १९९५ चे जागतिक विजेतेपद आणि १९९६ च्या अटलांटा ऑलिंपिकमध्ये के-१ (एकट्याने वल्हवायची कयाक नाव) प्रकाराचे सुवर्णपदक मिळवले, तेव्हा मात्र स्पर्शाला ५ सेकंदांचा दंड होता आणि दोन फेऱ्यांपैकी सरस फेरीच धरली जाई. त्यामुळे त्यांची वेळ आजच्या निकालांशेजारी मांडू नये. (आपल्या संथ कृष्णेशी तर नकोच.)